'मी'ची साक्ष : माहितीपटाचा इतिहास आणि आपल्या हातातला कॅमेरा

आपल्यावर निघालेल्या माहितीपटांची यादी करायला बसलं तर ती लांबत जाईल. अत्याचाराची गावं, गटारात उतरणारे कामगार, शहरातल्या वस्त्या, दीक्षाभूमी, सहा डिसेंबरची गर्दी. कॅमेरा पोहोचला नाही अशी जागा राहिलेली नाही. पण ज्या माहितीपटात आपल्यातलंच कोणी कॅमेरा हातात घेऊन 'मी' म्हणतं, स्वतःचं घर, स्वतःची आई, स्वतःची शाळा दाखवून बोलतं, अशा चित्रपटांची यादी मात्र फार आखूड आहे. पडद्यावर आपण बहुतेक वेळा 'ते' असतो. 'ते' कसे राहतात, 'ते' काय सोसतात, 'त्यांना' काय हवं आहे. बोलणारा, जोडणारा, अर्थ लावणारा दुसरा कोणी असतो.

शिबिरांमध्ये, वस्तीतल्या वाचनालयात तरुणांशी बोलताना आम्ही हा विषय काढतो तेव्हा तीन आक्षेप हमखास येतात. पहिला, 'मी, माझं' हे पोट भरलेल्यांचं चोचलं आहे, चळवळीने समूहाचे प्रश्न मांडावेत. दुसरा, माहितीपट तटस्थ असायला हवा, करणाऱ्याने स्वतःला त्यात घातलं की त्याची विश्वासार्हता संपते. तिसरा, घरातलं बाहेर काढलं तर विरोधकांच्या हाती आयतं कोलीत मिळतं. हे तिन्ही आक्षेप हलके नाहीत. चळवळीतल्या अनुभवी माणसांकडूनच ते येतात. म्हणून त्यांना उत्तर द्यायचं तर इतिहासात जाऊन द्यायला हवं. आमचं म्हणणं थोडक्यात असं आहे : ज्यांना समाजाने साक्षीदार म्हणून कधी उभंच राहू दिलं नाही, त्यांनी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात स्वतःहून चढण्यासाठी 'मी'चा माहितीपट वापरला आहे. आणि ही रीत आपल्याला परकी नाही.

बाबासाहेबांनी निवडलेली पद्धत

सुरुवात कॅमेऱ्यापासून नको, कागदापासून करू. १९३५ च्या सुमारास बाबासाहेबांनी 'वेटिंग फॉर अ व्हिसा' हे छोटं आत्मकथनपर लेखन केलं. ते पुस्तिकेच्या रूपात पीपल्स एज्युकेशन सोसायटीने प्रसिद्ध केलं १९९० मध्ये. त्याच्या सुरुवातीलाच बाबासाहेब पद्धतीचा प्रश्न घेतात. अस्पृश्यता ज्यांनी पाहिलेली नाही त्या परदेशी माणसांना ती समजवायची कशी? एक मार्ग सर्वसाधारण वर्णनाचा, दुसरा प्रत्यक्ष प्रसंग सांगण्याचा. बाबासाहेब दुसरा मार्ग जास्त परिणामकारक मानतात, आणि त्यातले काही प्रसंग आपले स्वतःचे, काही इतरांचे असतील असं स्पष्ट करतात.

हे कोण लिहीत होतं ते लक्षात घ्या. कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या घेतलेला, आकडेवारी, कायदा आणि अर्थशास्त्र कोळून प्यालेला माणूस. सायमन कमिशन, गोलमेज परिषदा, सगळीकडे त्यांनी निवेदनं दिली होती. तरीही इथे त्यांनी 'मी' निवडला. वडिलांना भेटायला निघालेली मुलं मसूर स्टेशनवर उतरतात, महार असल्याचं कळताच स्टेशनमास्तर मागे सरतो, दुप्पट भाडं घेऊनही गाडीवान गाडी हाकायला बसत नाही, मुलांनाच हाकायला लावतो. बडोद्याच्या पारशी सरायतून बाहेर काढलं जातं. दौलताबादच्या किल्ल्यावर पाण्याच्या टाक्यापाशी अडवलं जातं. मग शेवटचे दोन प्रसंग बाबासाहेबांचे नाहीतच. काठेवाडात अस्पृश्य शिक्षकाच्या बाळंतीण बायकोला हात लावायला तयार नसलेला डॉक्टर, आणि खेडा जिल्ह्यात तलाठी कचेरीत कामाला गेलेला भंगी समाजातला तरुण. म्हणजे लेखन 'मी'पासून निघतं आणि 'आम्ही'पर्यंत जातं. पहिल्या आक्षेपाचं उत्तर इथेच आहे.

त्यातला १९२९ चा चाळीसगावचा प्रसंग आम्हाला सर्वात महत्त्वाचा वाटतो. टांगेवाल्यांनी बाबासाहेबांना बसवायला नकार दिला. पाहुण्याने पायी यावं हे वस्तीला कमीपणाचं वाटलं, म्हणून टांगा भाड्याने घेतला आणि हाकायला वस्तीतलाच, टांगा हाकण्याची सवय नसलेला माणूस बसवला. टांगा उलटला, बाबासाहेब जखमी झाले. आपल्या माणसांनी आपला मान राखण्यासाठी आपला जीव धोक्यात घातला, हे बाबासाहेब लपवत नाहीत. दोष टांगेवाल्यांच्या जातीयतेचा आहे हेही ते स्पष्ट ठेवतात. शत्रूला कोलीत मिळेल या भीतीने त्यांनी तो तपशील गाळला असता तर प्रसंग अर्धाच राहिला असता. आज कोलंबिया विद्यापीठात हे लेखन विद्यार्थ्यांसमोर ठेवलं जातं.

बोलतो कोण, जोडतो कोण

आता कॅमेऱ्याकडे येऊ. १९३५ मध्येच, म्हणजे बाबासाहेब हे लिहीत होते त्याच सुमारास, लंडनमध्ये 'हाउसिंग प्रॉब्लेम्स' नावाचा छोटा माहितीपट तयार झाला. आर्थर एल्टन आणि एडगर ॲन्स्टी यांचा. झोपडपट्टीतली माणसं आपल्याच खोलीत उभी राहून, आपल्याच आवाजात, उंदीर, ढेकूण, पडक्या भिंती यांबद्दल कॅमेऱ्याकडे बघून बोलतात. त्या काळात ही मोठी गोष्ट होती, कारण तोवर माहितीपटातला गरीब माणूस दिसायचा, बोलायचा नाही. पण पैसा गॅस कंपन्यांच्या संघटनेचा होता. तक्रार वस्तीच्या तोंडून आली आणि उपाय निवेदकाच्या तोंडून : जुनी घरं पाडा, नव्या इमारती बांधा, घरोघरी गॅस द्या. नवं घर कसं हवं, कुठे हवं, भाडं किती परवडेल, हे ठरवण्यात त्या माणसांचा आवाज नव्हता. पुनर्विकासाच्या जाहिरातीत आपल्या आयाबायांना हसताना ज्यांनी पाहिलं आहे त्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

पुढचं पाऊल १९५८ चं. फ्रेंच दिग्दर्शक जाँ रूश यांनी आयव्हरी कोस्टमधल्या आबिजान शहरात, नायजरहून पोटासाठी आलेल्या मजुरांवर चित्रपट केला. नाव ठेवलं 'म्वा, अँ न्वार', म्हणजे 'मी, एक काळा'. त्यात प्रमुख भूमिकेत असलेल्या उमारू गांदाने स्वतःच्या जगण्यावर आयत्या वेळी सुचेल तसं निवेदन केलं. तो फ्रेंच सैन्यातून हिंदचीनच्या युद्धात लढून आलेला तरुण होता. काळ्या मजुराचा स्वतःचा बडबडा, चिडका, स्वप्नाळू आवाज पडद्यावर आला आणि युरोपात चित्रपटाचं कौतुक झालं. पण शीर्षकातला 'मी' काळा होता आणि दिग्दर्शक गोरा. काय ठेवायचं, काय कापायचं हे रूश ठरवत होते. सेनेगलचे लेखक-दिग्दर्शक उस्मान सेंबेन यांनी पुढे रूश यांना तोंडावर सुनावलं की तुम्ही आम्हाला किडे पाहावेत तसं पाहता. आणि गांदा? त्याने स्वतः दिग्दर्शक होऊन १९६८ मध्ये 'काबास्काबो' हा आपल्या सैनिकी आयुष्यावर आधारलेला कथापट केला. ज्याला दुसऱ्याच्या चित्रपटात 'मी' म्हणायला मिळालं होतं, त्याने तो 'मी' आपल्या ताब्यात घेतला.

आपल्याकडे त्या काळात काय चाललं होतं? १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं. त्याचे माहितीपट आणि वृत्तपट चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवणं सक्तीचं होतं. आपल्या आजोबांच्या पिढीने ते पाहिले आहेत. धरणं, कारखाने, पंचवार्षिक योजना, आणि वरून येणारा तो भारदस्त आवाज. तो आवाज कोणाचा, कोणत्या घरातला, हे कधी कळायचं नाही. त्यालाच तटस्थ म्हटलं गेलं. दुसऱ्या आक्षेपातली तटस्थता ती हीच. बोलणारा आपलं नाव, जात आणि जागा सांगत नाही तेव्हा तो कुठेच उभा नसतो असं नाही. तो कुठे उभा आहे हे विचारायची सोय तेवढी राहत नाही. याउलट 'मी' म्हणणारा माणूस आपला पत्ता देतो. त्याला उलटतपासणीला बोलावता येतं. खऱ्या साक्षीदाराचं लक्षण हेच असतं.

मार्लन रिग्ज : निवेदकापासून 'मी'पर्यंत

तिसऱ्या आक्षेपाचं, म्हणजे घरातलं बाहेर काढण्याच्या प्रश्नाचं उत्तर आम्हाला सर्वात स्पष्ट सापडतं ते मार्लन रिग्ज यांच्या कामात. १९५७ मध्ये टेक्सासमध्ये जन्मलेला हा काळा अमेरिकन, लष्करी कुटुंबातला. हार्वर्डमध्ये इतिहास शिकला, बर्कलेत पत्रकारिता, आणि पुढे तिथेच शिकवू लागला. ऑकलंड हे त्याचं शहर. १९६६ मध्ये ब्लॅक पँथर पक्ष याच ऑकलंडमध्ये उभा राहिला, आणि त्याच नावावरून १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली. तेव्हा ही आपल्यापासून फार लांबची गोष्ट नाही.

रिग्ज यांचा पहिला महत्त्वाचा माहितीपट 'एथनिक नोशन्स', १९८६ चा. शंभर-दीडशे वर्षं अमेरिकेतल्या खेळण्यांत, पोस्टकार्डांवर, व्यंगचित्रांत, गाण्यांत काळ्या माणसाला कसं आळशी, हसरं, जनावरासारखं रंगवलं गेलं, त्याचा हा पुराव्यानिशी मांडलेला इतिहास आहे. इतिहासकार बोलतात, अभिनेत्री एस्थर रोल निवेदन करते. रिग्ज स्वतः कुठेच नाहीत. चित्रपटाला एमी पुरस्कार मिळाला. म्हणजे तटस्थ म्हणतात तो माहितीपट रिग्ज यांना उत्तम करता येत होता.

मग १९८८ च्या अखेरीस त्यांना एच.आय.व्ही.ची लागण झाल्याचं कळलं. १९८९ मध्ये आला 'टंग्ज अनटाइड'. यात निवेदक नाही, तज्ज्ञ नाहीत. रिग्ज स्वतः कॅमेऱ्यासमोर आहेत. जॉर्जियातल्या शाळेत गोरी मुलं त्यांना काळा म्हणून शिव्या देतात आणि काळी मुलं वेगळीच शिवी देतात, कारण ते समलिंगी आहेत. पडद्यावर नुसती तोंडं दिसतात, शिवी उच्चारणारी. पुढे ते सॅन फ्रान्सिस्कोत समलिंगी माणसांच्या मोहल्ल्यात जातात. वाटतं, इथे तरी आपलं घर सापडेल. तिथल्या दुकानांत, जाहिरातींत, नजरांत काळ्या माणसाला जागा नाही. म्हणजे काळ्यांच्या चळवळीत समलिंगी म्हणून गप्प, समलिंगींच्या चळवळीत काळा म्हणून गप्प. हे दुहेरी गप्प बसणं कोणत्या आकडेवारीत सापडलं असतं? कोणता तज्ज्ञ ते सांगणार होता? चित्रपटाच्या शेवटाकडे एड्सने गेलेल्या काळ्या पुरुषांचे, मृत्युलेखांतले फोटो एकामागून एक येतात आणि त्या रांगेत रिग्ज यांचा स्वतःचा चेहरा येतो. 'मी' तिथे एकटा राहत नाही.

१९९१ मध्ये अमेरिकेच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीवर तो दाखवायचं ठरलं तेव्हा अनेक केंद्रांनी नकार दिला. सरकारी कलानिधीतले पाच हजार डॉलर या कामाला मिळाले होते, तेवढ्यावरून काहूर उठलं. १९९२ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठी उतरलेल्या पॅट ब्यूकॅनन यांनी त्यातली दृश्यं आपल्या प्रचाराच्या जाहिरातीत वापरली. म्हणजे विरोधकाच्या हाती कोलीत मिळालंच. त्यावर रिग्ज यांनी माफी मागितली नाही की चित्रपट मागे घेतला नाही. वृत्तपत्रात लेख लिहून उत्तर दिलं. आज ब्यूकॅनन यांची ती जाहिरात आठवते ती या चित्रपटाच्या इतिहासातली एक नोंद म्हणून, आणि चित्रपट जगभरच्या विद्यापीठांत शिकवला जातो.

रिग्ज यांच्यावर आतूनही प्रश्न आले. काळ्या पुरुषाने काळ्या पुरुषावर प्रेम करणं हीच क्रांती, असं सांगणाऱ्या या दिग्दर्शकाचा स्वतःचा जोडीदार गोरा होता आणि चित्रपट त्याबद्दल बोलत नाही, हे समीक्षकांनी दाखवून दिलं. प्रश्न रास्त होता. 'मी' म्हटलं म्हणजे सगळं खरं सांगितलं असं होत नाही, आणि 'मी' म्हणणाऱ्याला असा प्रश्न विचारता येतो हे आम्ही या पद्धतीचं बळ समजतो.

शेवटचा चित्रपट 'ब्लॅक इज... ब्लॅक एन्ट'. काळं असणं म्हणजे नेमकं काय, आणि खरा काळा कोण हे ठरवायचा मक्ता कोणाकडे, असा त्याचा विषय. चर्चमधली पुरुषी सत्ता, चळवळीतली स्त्रियांची कोंडी, गोऱ्या-काळ्या कातडीच्या छटांवरून आपसांत चालणारा भेद, असं सगळं घरातलं त्यात आहे. रिग्ज रुग्णालयाच्या खाटेवरून बोलतात. मध्ये आजीच्या हातचं 'गंबो' येतं, ज्यात जे असेल ते पडतं आणि तरी चव एक होते. ५ एप्रिल १९९४ रोजी, वयाच्या ३७ व्या वर्षी रिग्ज गेले. चित्रपट सहकाऱ्यांनी पूर्ण केला. शत्रू बघतोय म्हणून चळवळीतल्या स्त्रियांनी गप्प बसावं हे आपल्याकडेही सांगितलं जातं. या सल्ल्याने शत्रूचं काही बिघडत नाही. बिघडतं ते त्या स्त्रियांचं, आणि पर्यायाने चळवळीचं.

मराठीत हे आधीच झालं आहे

दया पवारांचं 'बलुतं' १९७८ चं. त्यानंतर आत्मकथनांची जी लाट आली तिने मराठी साहित्याचा नकाशा बदलला. तेव्हाही 'आमची लाज वेशीवर टांगली' असं म्हणणारे आपल्यात होते. बेबीताई कांबळे फलटणला आपल्या छोट्या दुकानात बसून, घरच्यांपासून लपवून लिहीत होत्या. १९८६ मध्ये पुस्तक आलं तेव्हा त्याचं नाव होतं 'जिणं आमुचं'. स्वतःचं आयुष्य सांगायला बसलेली बाई 'माझं' म्हणत नाही, 'आमुचं' म्हणते. आणि त्यात सवर्णांचा जुलूम आहे तसा घरातल्या नवऱ्याचा, सासूचा जाचही आहे. शांताबाई कांबळे यांचं 'माज्या जल्माची चित्तरकथा' त्याच वर्षी पुस्तकरूपात आलं. नावातच 'चित्तरकथा'. पुढे त्यावरून मुंबई दूरदर्शनवर 'नाजुका' ही मालिकाही झाली.

आणि १९८९ मध्ये ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी 'आम्हीही इतिहास घडवला' हे पुस्तक दिलं. आंबेडकरी चळवळीत उतरलेल्या स्त्रियांना शोधून, भेटून, त्यांच्या मुलाखती घेऊन केलेलं हे काम. सभा, सत्याग्रह, परिषदा यांच्या इतिहासात ज्यांची नावंही नव्हती त्या स्त्रिया तिथे आपल्या तोंडाने बोलल्या. आमच्या मते तो कॅमेऱ्याविना केलेला माहितीपटच आहे. समाजशास्त्रात मौखिक इतिहास म्हणून जे शिकवतात ते या दोघींनी पायपीट करून करून दाखवलं. नंतर ऊर्मिलाताईंनी २००३ मध्ये 'आयदान' लिहिलं. आधी इतरींचं ऐकलं, मग स्वतःचं सांगितलं.

मग ही परंपरा चित्रपटात लवकर का उतरली नाही? कारण सरळ आहे. वही आणि पेन उसनं मिळतं. कच्ची फिल्म, कॅमेरा, संकलनाचं टेबल आणि दाखवायचं थिएटर उसनं मिळत नव्हतं. ते ज्यांच्या हातात होतं त्यांच्याच घरातली भाषा पडद्यावर आली.

रमाबाई नगर आणि नंतर

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला सकाळी दिसला. लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता, असं पोलिसांचं म्हणणं. गुंडेवार आयोगाने हा गोळीबार असमर्थनीय ठरवला. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या घरात आत्महत्या केली.

आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' इथून सुरू होतो. घोगरे यांचं गाणं त्यांनी १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये घेतलं होतं, दोघांची ओळख होती. त्या मृत्यूपासून निघून चौदा वर्षं चित्रीकरण करत त्यांनी तीन तासांहून लांब चित्रपट केला. हा एका मित्राचा शोक आहे, पण त्या शोकात वस्त्या, कव्वाल, शाहीर, कबीर कला मंचाची पोरं, न्यायालयं असं सगळं येतं. चित्रपटावर आपल्यातही वाद झाले, सवर्ण दिग्दर्शकाच्या नजरेवर प्रश्न आले. वाद व्हायलाच हवेत. आम्ही या चित्रपटाचं मोल मानतो, कारण त्यातला कॅमेरा आपण कोणाचे कोण आहोत हे लपवत नाही. पण तो आपल्या 'मी'ची जागा घेऊ शकत नाही, आणि तशी अपेक्षा त्याच्याकडून करणंही बरोबर नाही.

दुसऱ्याने आपली गोष्ट प्रेमाने सांगितली तरी काय होतं याचं ताजं उदाहरण 'रायटिंग विथ फायर'चं. उत्तर प्रदेशातल्या चित्रकूटहून २००२ मध्ये सुरू झालेल्या 'खबर लहरिया' या स्त्रियांच्या वृत्तसमूहावरचा हा माहितीपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. दलित पत्रकार स्त्रिया जगाने पाहिल्या, ही आनंदाचीच गोष्ट. पण २०२२ मध्ये, सोहळ्याच्या तोंडावर, 'खबर लहरिया'नेच निवेदन काढून सांगितलं की आमच्या कामाची एकच बाजू यात उचलली गेली आहे, आमची सगळी गोष्ट ही नाही. ज्यांचा पेशाच दुसऱ्याची बातमी नीट सांगण्याचा, त्यांनाही हे सांगावं लागलं, कारण संकलनाच्या टेबलावर त्या नव्हत्या.

आता चित्र बदलतं आहे. ज्योती निशा यांनी लोकवर्गणीपासून सुरुवात करून 'डॉ. बी. आर. आंबेडकर : नाऊ अँड देन' हा माहितीपट केला, त्यात बहुजन स्त्री म्हणून स्वतःला मध्यभागी ठेवलं. बहुजन प्रेक्षक पडद्याकडे कसा बघतो यावर त्यांनी २०२० मध्ये 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'त लिहिलंही आहे. सोमनाथ वाघमारे यांचा 'द बॅटल ऑफ भीमा कोरेगाव' २०१७ मध्ये आला, म्हणजे १ जानेवारी २०१८ च्या हल्ल्याच्या आधी. विजयस्तंभाला लोक का जातात हे त्यांनी आतून दाखवलं होतं, बाकीच्या कॅमेऱ्यांना ते ठिकाण नंतर दिसलं. पुढे 'चैत्यभूमी' आला. तमिळनाडूचे दिग्दर्शक पा. रंजित यांची 'नीलम' ही संस्था या दोघांच्याही कामाच्या मागे उभी राहिली. वर्गणी, आपली संस्था, आपले प्रेक्षक. 'मूकनायक'पासून आपली वृत्तपत्रं ज्या रस्त्याने गेली तोच हा रस्ता आहे.

मोबाईल आहे, पुढे काय?

आज वस्तीतल्या प्रत्येक घरात कॅमेरा आहे. पण रीलमध्ये 'मी' फार असतो आणि साक्ष फार थोडी. निळा फेटा, गाडी, गाणं, तीस सेकंद. त्याला आमचा विरोध नाही, अभिमान दाखवायचा हक्क आहेच. पण १९५६ ची दीक्षा डोळ्यांनी पाहिलेली पिढी आता बोटांवर मोजण्याइतकी उरली आहे. नामांतराच्या लढ्यात घर जळालेली माणसं म्हातारी झाली आहेत. रमाबाई नगरची तेव्हाची मुलं चाळिशीत आहेत. ही साक्ष कोणी घ्यायची?

म्हणून काही गोष्टी ठोसपणे सांगतो.

पहिली मुलाखत आपल्या घरात घ्या. आजीला बाबासाहेबांबद्दल विचाराल तर ती भाषणात ऐकलेलं सांगेल. तिला विचारा, गावात पाणी कुठून भरायचीस, मेलेलं जनावर ओढणं घरात कधी बंद झालं, देव्हाऱ्यातले देव कोणी आणि कधी उचलले, त्या दिवशी घरात भांडण झालं का. आणि तुमचा प्रश्नही फाईलमध्ये राहू द्या. उत्तर कोणाला आणि कोणत्या प्रश्नाला दिलं हे कळलं पाहिजे.

मूळ फाईल जपा. व्हॉट्सॲपवरून फिरलेला व्हिडिओ आकसतो, त्याची तारीख-वेळेची मूळ नोंद निघून जाते. न्यायालयात डिजिटल पुरावा द्यायचा तर तो कोणत्या उपकरणावर, कसा नोंदला गेला याचं प्रमाणपत्र लागतं. दोन वेगळ्या ठिकाणी प्रती ठेवा, सोबत तारीख, गाव आणि बोलणाऱ्याची संमती लिहून ठेवा.

कायदा वापरा. अत्याचार प्रतिबंधक कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम १५-अ मध्ये, या कायद्याखालच्या गुन्ह्यांसंबंधीच्या सर्व कार्यवाहीचं व्हिडिओ चित्रण व्हावं अशी तरतूद आहे. किती कार्यकर्ते त्याची लेखी मागणी करतात? पीडिताची साक्ष कॅमेऱ्यात यावी हे इथे संसदेनेच मान्य केलं आहे. त्याच वेळी, लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करायला कायद्याने मनाई आहे. उत्साहाच्या भरात पीडित कुटुंबाच्या दारात मोबाईल नाचवणारे आपल्यातही आहेत. त्यांना तिथल्या तिथे थांबवा.

आणि कापाकापीच्या वेळी बोलणाऱ्याला शेजारी बसवा. बाहेर टाकण्याआधी घरात दाखवा, वस्तीत दाखवा. आई म्हणाली की हे वाक्य काढ, तर तिला का विचारा, ऐका, आणि तरीही पटलं नाही तर तो वादही चित्रपटात येऊ द्या. बेबीताईंनी लपवून लिहिलं, कारण त्यांच्यापुढे दुसरा मार्ग नव्हता. आज मुलींना कॅमेरा लपवून धरावा लागू नये, ही जबाबदारी घरातल्या मुलग्यांची आहे.

हा सगळा लेख आम्ही 'आम्ही' म्हणत लिहिला, कारण यातलं बरंचसं वस्तीतल्या बैठकांमधून, शिबिरांतल्या वादांतून आलेलं आहे. पण हा 'आम्ही' कोणाच्या तरी 'मी'वरच उभा असतो. मसूर स्टेशनवर ताटकळलेल्या एका मुलाने पुढे ते लिहून ठेवलं नसतं तर त्या दुप्पट भाड्याची नोंद कोणत्याही सरकारी कागदात सापडली नसती. तुमच्या घरातही असं एखादं स्टेशन आहे. ज्यांना ते आठवतं ती माणसं आहेत तोवर मोबाईल घेऊन त्यांच्यासमोर बसा, आणि सुरुवात स्वतःचं नाव सांगून करा.

जय भीम.